कण मागे नेमका कधी फिरतो? अकरावी सायन्सला नव्याने आलेल्यांसाठी

अकरावीला फिजिक्स शिकवताना एक गणित मी सुरुवातीच्या दिवसांतच फळ्यावर घेते. एक कण सरळ रेषेत चालला आहे, स्थान = ट² − ६ट + ५. ट म्हणजे वेळ, सेकंदांत; स्थान मीटरमध्ये. हा कण मागे कधी फिरतो? निम्मा वर्ग लगेच स्थान शून्य धरतो आणि १ सेकंद, ५ सेकंद अशी उत्तरं देतो. दहावीला वर्गसमीकरणं घोटून घेतलेली असतात, त्यामुळे हात आपोआप तिकडे वळतो. पण त्या दोन वेळी कण आरंभबिंदू नुसता ओलांडतो. तो कुठे आहे ते कळलं, कुणीकडे चाललाय ते कळलं नाही.

दिशा सांगतो तो वेग, आणि वेग म्हणजे स्थानाचा डेरिव्हेटिव्ह, म्हणजे वेळेबरोबर स्थान बदलण्याचा त्या क्षणीचा दर: २ट − ६. ३ सेकंदांच्या आधीची कुठलीही वेळ घाला, उत्तर ऋण. नंतरची घाला, धन. म्हणजे कण ३ सेकंदांना वळला, −४ मीटरवर. गणिताच्या तासाला डेरिव्हेटिव्ह बराच उशिरा येतो, फिजिक्सला मात्र सुरुवातीलाच लागतो. वाट बघत बसू नका. घात खाली आणून गुणायचा आणि घातातून एक वजा करायचा, एवढ्या एका नियमावर या प्रकारची बहुतेक गणितं सुटतात.

खरी गोम पुढे आहे. ‘वेग शून्य धरला की झालं’ असं पाठ केलेली मुलं इथे हमखास अडकतात: स्थान = ट³ − ६ट² + १२ट. वेग येतो ३(ट − २)². २ सेकंदांना तो शून्य आहे खरा, पण वर्गामुळे आधीही धन आणि नंतरही धन. थांब्यावर क्षणभर टेकून पुढच्याच गावाला निघालेली एसटी! वेगाचं चिन्ह बदललं तरच दिशा पालटली. म्हणून माझा आग्रह असतो, की वेगाचे अवयव पाडा, एक रेघ ओढा, वेग शून्य होण्याच्या वेळा तिच्यावर मांडा आणि प्रत्येक तुकड्यावर अधिक की उणे ते लिहा. वेळेचं उत्तर ऋण आलं तर ते सोडून द्या. गणित शून्य सेकंदापासून सुरू होतं.

काही जण त्वरण, म्हणजे वेगाचा डेरिव्हेटिव्ह, काढून बघतात. वेग शून्य असताना त्वरण शून्य नसेल तर कण वळतो, हे बरोबरच. पण त्वरणही शून्य आलं तर त्यावरून काहीच ठरत नाही. वरच्या गणितात ते शून्य आहे आणि कण वळत नाही; स्थान = (ट − २)⁴ घेतलं तर २ सेकंदांना तेही शून्य, तरी कण वळतो. चिन्हांची रेघ दोन्हीकडे चोख उत्तर देते. आणि वर फेकलेला चेंडू विसरू नका. उंची = २०ट − ५ट², २ सेकंदांना २० मीटरवर वेग शून्य, पण त्वरण तेव्हाही खालच्या दिशेने १०च. ते शून्य असतं तर चेंडू तिथेच लटकून राहिला असता.

या सगळ्याची खरी गरज पडते ती कापलेलं अंतर विचारल्यावर. स्थान = ट³ − ६ट² + ९ट + ४, पहिले ४ सेकंद. वेग ३(ट − १)(ट − ३), चिन्ह १ आणि ३ सेकंदांना बदलतं. ०, १, ३ आणि ४ सेकंदांना स्थानं अनुक्रमे ४, ८, ४, ८. अंतर ४ + ४ + ४ = १२ मीटर. शेवटच्या स्थानातून पहिलं वजा केलंत तर ४ येईल, पण ते विस्थापन. जेईई मेनमध्ये चुकीच्या पर्यायाला एक गुण कापला जातो, तेव्हा प्रश्नात अंतर विचारलंय की विस्थापन, ते आधी अधोरेखित करा.

घरी हे करून बघा: स्थान = २ट³ − १५ट² + २४ट, पहिले ५ सेकंद. कण दोनदा वळतो, १ आणि ४ सेकंदांना. अंतर ४९ मीटर आणि विस्थापन −५ मीटर यायला हवं.