इंग्रजीतील ‘हेवी’ कुठे आणि कसे वापरावे

संध्याकाळच्या वर्गात मुलाखतीचा सराव चालू होता. शिरोलीच्या एका फाउंड्रीत मोल्डिंगचे काम करणाऱ्या विद्यार्थ्याने वडिलांची ओळख करून देताना ‘माय फादर इज अ हेवी मॅन इन अवर व्हिलेज’ असे वाक्य उच्चारले. त्याचे वडील गावातील सेवा सोसायटीत बरीच वर्षे काम करत होते, त्यांच्या शब्दाला वजन होते आणि मुलाला ‘वजनदार माणूस’ असेच म्हणायचे होते. इंग्रजी ऐकणाऱ्याला मात्र या वाक्यातून एवढेच कळले असते की वडील अंगाने स्थूल आहेत. वाक्यात व्याकरणाची चूक नव्हती, शब्दकोशातील अर्थही जुळत होता. चूक झाली ती ‘हेवी म्हणजे जड, वजनदार’ अशी जोडी एकदा पाठ करून ती सगळीकडे लावल्यामुळे. इंग्रजी शिकणाऱ्या आपल्या मुलांकडून ही चूक रोज होते आणि थोडी शिस्त पाळली तर ती टाळता येते, म्हणून या एकाच विशेषणाबद्दल सविस्तर लिहीत आहे.

‘हेवी’चे मूळ जुन्या इंग्रजीत आहे आणि ‘हीव्ह’, म्हणजे जोर लावून उचलणे, या क्रियापदाशी त्याचे नाते आहे. जे उचलायला, पेलायला किंवा सोसायला बळ लागते ते ‘हेवी’, ही कल्पना मनात धरली तर या शब्दाचे पुढचे बहुतेक अर्थ आपोआप उलगडतात. म्हणून वाक्यात ‘हेवी’ दिसला की प्रथम त्याच्या पुढचे नाम पाहावे आणि स्वतःला विचारावे, की येथे नेमके काय जास्त आहे: वजन, प्रमाण, सवय, घट्टपणा की मनावरचा भार?

वजनाचा अर्थ सर्वांना येतो, तरी त्यातही एक खाच आहे. मार्केट यार्डात गुळाची 30 किलोची ढेप उचलताना ‘धिस लम्प इज हेवी’ म्हणणे बरोबर आहे आणि वजन विचारायचे असेल तर ‘हाऊ हेवी इज इट?’ असा प्रश्नही चालतो. पण त्याचे उत्तर ‘इट इज थर्टी किलोज हेवी’ असे देऊ नये. लांबी सांगताना ‘टेन फीट लाँग’ आणि उंची सांगताना ‘सिक्स फीट टॉल’ म्हणतात. वजनाच्या बाबतीत मात्र ‘इट वेज थर्टी किलोज’ अशी क्रियापदाची रचनाच स्वाभाविक वाटते. तुलना करताना ‘हेविअर’ आणि ‘हेविएस्ट’ ही रूपे वापरावीत, ‘मोअर हेवी’ टाळावे. लिहिताना शेवटच्या ‘वाय’च्या जागी ‘आय’ येतो, हे परीक्षेला बसणाऱ्यांनी विसरू नये. रस्त्याच्या कडेला ‘अवजड वाहनांस प्रवेश बंद’ अशी पाटी दिसते, तेथेही वजनाचाच अर्थ आहे: मोटार वाहन कायद्यात मालासह एकूण वजन 12,000 किलोपेक्षा जास्त असलेले मालवाहू वाहन ‘हेवी गुड्स व्हेइकल’ या वर्गात मोडते.

खरी अडचण प्रमाण आणि जोर या अर्थांपासून सुरू होते. मराठीत पाऊस जोराचा, वारा जोराचा आणि तापही जोराचा असतो. एकच शब्द तिन्हींना पुरतो, म्हणून आपला विद्यार्थी इंग्रजीतही एकच शब्द शोधतो आणि ‘हेवी विंड’, ‘हेवी फीव्हर’ असे लिहून मोकळा होतो. इंग्रजीत पाऊस ‘हेवी’ असतो, वारा ‘स्ट्राँग’ असतो आणि ताप ‘हाय’ असतो. सर्दी मात्र ‘हेवी कोल्ड’ होऊ शकते. यामागे प्रत्येक वेळी तर्क सापडेलच असे नाही. शतकानुशतके लोक तसे बोलत आले, म्हणून त्या जोड्या पक्क्या झाल्या. आपणही पाऊस ‘मुसळधार’ म्हणतो, पण घाम ‘मुसळधार’ आला असे कधी म्हणत नाही.

पावसाच्या बाबतीत तर ‘हेवी’ला मिलिमीटरमध्ये बांधलेली व्याख्या आहे आणि कोल्हापूरकरांना ती माहीत असणे उपयोगाचे आहे. भारतीय हवामान विभागाच्या भाषेत 24 तासांत 64.5 ते 115.5 मिलिमीटर पाऊस झाला तर तो ‘हेवी’, 115.6 ते 204.4 मिलिमीटर झाला तर ‘व्हेरी हेवी’ आणि त्याहून जास्त झाला तर ‘एक्स्ट्रीमली हेवी’. गगनबावड्याबद्दलचा इंग्रजी इशारा वाचताना हे शब्द अंदाजाने घ्यायचे नसतात. त्याच बातमीत पुढे पंचगंगेची पातळी येते. राजाराम बंधाऱ्याजवळ 39 फूट ही इशारा पातळी आणि 43 फूट ही धोका पातळी. पातळीला इंग्रजीत ‘हाय’ लावतात, ‘हेवी’ कधीच लावत नाहीत. म्हणजे एकाच बातमीत पाऊस ‘हेवी’, वारा ‘स्ट्राँग’ आणि पाण्याची पातळी ‘हाय’ असे तीन शब्द येतात आणि मराठी वाचक त्या तिन्ही ठिकाणी मनात ‘जास्त’ असेच म्हणत असतो. ‘हेवी ट्रॅफिक’, ‘हेवी लॉसेस’, ‘हेवी फाइन’ म्हणजे जबर दंड, या जोड्याही याच कुळातल्या असून त्या तशाच पाठ कराव्यात.

माणसांबद्दल बोलताना जास्त सावध राहावे. ‘हेवी स्मोकर’ म्हणजे खूप सिगारेटी ओढणारा आणि ‘हेवी ड्रिंकर’ म्हणजे खूप दारू पिणारा. ‘हेवी स्लीपर’ म्हणजे मात्र खूप वेळ झोपणारा नव्हे, तर गाढ झोपणारा, हलवले तरी न उठणारा. या जोड्यांतील विशेषण माणसाचे वर्णन करत नसून त्याच्या सवयीचे वर्णन करत असते, म्हणून ते नामाच्या आधीच राहिले पाहिजे. ‘ही इज अ हेवी स्मोकर’ या वाक्याची फिरवाफिरव करून ‘द स्मोकर इज हेवी’ म्हटले की अर्थ लगेच शरीराच्या वजनावर जातो. याउलट ‘द रेन वॉज हेवी’ आणि ‘हेवी रेन’ या दोन्ही रचना एकाच अर्थाने चालतात. कष्टाळू माणसाला ‘हेवी वर्कर’ म्हणण्याची आपल्याकडे सवय आहे. त्यासाठी ‘हार्ड वर्कर’ हाच शब्द आहे.

आता ज्या ठिकाणी मराठी आणि इंग्रजी अगदी हातात हात घालून चालतात, त्या जागेकडे वळतो. शिरोळकडचा शेतकरी आपल्या काळ्या रानाला ‘भारी जमीन’ म्हणतो आणि इंग्रजी शेतीशास्त्रातही तिला ‘हेवी सॉइल’ असेच म्हणतात. हलक्या, वाळूमिश्रित जमिनीला तिकडे ‘लाइट सॉइल’ म्हणतात. गंमत अशी की सुकलेली वाळूमिश्रित माती आणि सुकलेली चिकणमाती सारख्याच मापाच्या घमेल्यात भरून तोलली, तर साधारणपणे वाळूमिश्रित मातीच जास्त भरते. मग चिकणमातीची जमीन ‘भारी’ कशी? कारण ती पाणी धरून ठेवते, ओली झाली की पायाला आणि फाळाला चिकटते, वाळली की दगडासारखी होते, आणि नांगराला तिच्यातून ओढून काढायला जास्त ताकद लागते. वजन मातीचे नसून कामाचे आहे. दोन वेगळ्या मुलखांतल्या शेतकऱ्यांनी आपापल्या खांद्यावरून आणि बैलांच्या दमावरून एकच शब्द निवडला, याचे मला फार अप्रूप वाटते. आणि वर सांगितलेली ‘उचलायला, पेलायला बळ लागते ते’ ही कल्पना यापेक्षा स्पष्ट दुसरीकडे कुठे दिसत नाही.

पाण्याच्या बाबतीत मात्र हीच मैत्री दगा देते. बोअरच्या ज्या पाण्यात डाळ लवकर शिजत नाही आणि साबणाला फेस येत नाही, त्याला आपण ‘जड पाणी’ म्हणतो. कॅल्शियम आणि मॅग्नेशियमचे क्षार विरघळलेल्या या पाण्याला इंग्रजीत ‘हार्ड वॉटर’ म्हणतात आणि त्याच्या उलट ‘सॉफ्ट वॉटर’. ‘हेवी वॉटर’ ही अगदीच निराळी वस्तू आहे: त्यात साध्या हायड्रोजनच्या जागी ड्यूटेरियम, म्हणजे हायड्रोजनचाच जड प्रकार, असते आणि ते साध्या पाण्यापेक्षा सुमारे 11 टक्के जास्त घन असते. त्याचा उपयोग अणुभट्ट्यांत होतो. तारापूरच्या पहिल्या दोन अणुभट्ट्या साध्या पाण्यावर चालणाऱ्या, तर तिसरी आणि चौथी ‘हेवी वॉटर’वर चालणारी आहे. विज्ञानाच्या मराठी पुस्तकात याही पाण्याला ‘जड पाणी’ म्हटलेले आढळते, त्यामुळे घोटाळा आणखी वाढतो. घरच्या बोअरची तक्रार इंग्रजीत लिहिताना ‘हेवी वॉटर’ लिहिले, तर वाचणारा चक्रावून जाईल.

कोल्हापुरात जपून राहण्याची आणखी एक जागा म्हणजे आपले लाडके ‘भारी’. रस्सा भारी, कुस्ती भारी, गाडी तर लय भारी. हे ‘भारी’ कौतुकाचे आहे आणि इंग्रजी ‘हेवी’मध्ये तो अर्थ नाही. ‘इट वॉज अ हेवी फिल्म’ असे म्हटले तर ऐकणाऱ्याला तो सिनेमा गंभीर, मनावर दडपण आणणारा आहे असे वाटेल. तेथे ‘ग्रेट’, ‘सुपर्ब’, ‘फॅन्टॅस्टिक’ यांपैकी काहीही चालेल. महाद्वार रोडवरच्या दुकानांत ‘हेवी साडी’ म्हणजे भरपूर जरीकामाची, किमती साडी. इंग्रजीत ‘अ हेविली एम्ब्रॉयडर्ड सारी’ म्हटल्याशिवाय तो अर्थ पोहोचत नाही. उद्यमनगरातल्या पाट्यांवर दिसणारे ‘हेवी ड्यूटी’ मात्र इंग्रजीतही तसेच आहे, फक्त त्याचा अर्थ यंत्र वजनाने जड आहे असा नसून ते सततचा, कठोर वापर सहन करते असा आहे.

मनाच्या बाबतीत दोन्ही भाषा पुन्हा जवळ येतात. ‘विथ अ हेवी हार्ट’ म्हणजे जड अंतःकरणाने, ‘हेवी आइज’ म्हणजे झोपेने जड झालेले डोळे, ‘हेवी स्टेप्स’ म्हणजे जड पावले. येथे भाषांतर सरळ होते. पण ‘गणित मला जड जाते’ यासाठी ‘आय फाइंड मॅथ्स हार्ड’ म्हणावे, आणि ‘पारडे जड असणे’ यासाठी ‘टू हॅव द अपर हँड’. कंटाळवाण्या, बोजड लिखाणाला ‘हेवी’ म्हणता येते. जेवणाबद्दल बोलताना, पोटाला जड होणारे ते ‘हेवी’. पण खोबऱ्याने, तुपाने, सुक्या मेव्याने समृद्ध झालेल्या पांढऱ्या रश्श्याचे वर्णन करायचे असेल तर ‘रिच’ हा शब्द जास्त नेमका आहे, आणि त्यात तक्रारीचा सूरही येत नाही.

आता त्या विद्यार्थ्याच्या वडिलांकडे परत येतो. प्रभावी माणसासाठी इंग्रजीत वजनाची प्रतिमा आहे, पण ती ‘हेवी’मधून येत नाही, ‘हेवीवेट’मधून येते. कुस्तीतील आणि मुष्टियुद्धातील वरच्या वजनी गटाचे हे नाव पुढे कोणत्याही क्षेत्रातील मातब्बर माणसासाठी वापरले जाऊ लागले. खाशाबा जाधव यांचे उदाहरण मी वर्गात नेहमी देतो. राजाराम कॉलेजात शिकलेल्या या मल्लाने 1952 साली हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये कांस्यपदक मिळवले ते बँटमवेट गटात, म्हणजे 57 किलोपर्यंतच्या हलक्या गटात. आखाड्याच्या भाषेत ते ‘हेवीवेट’ नव्हते. पण भारतीय कुस्तीच्या इतिहासातील ‘अ ट्रू हेवीवेट’ असे त्यांच्याबद्दल लिहिले तर ते शंभर टक्के बरोबर ठरेल. गावातील वडिलांसाठी मात्र ‘हेवीवेट’ही थोडे जास्त होते. आम्ही वाक्य बदलून ‘माय फादर इज अ रिस्पेक्टेड मॅन इन अवर व्हिलेज’ असे केले. मग मुलानेच ‘पीपल लिसन टु हिम’ हे त्याला जोडले, आणि मला ते दुसरे वाक्यच अधिक आवडले.

सरावासाठी एक पद्धत सुचवतो. वहीत ‘हेवी’ असे शीर्षक लिहून त्याखाली मराठी अर्थांची यादी करू नये. प्रत्येक ओळीवर नामासह पूर्ण जोडी लिहावी आणि तिच्यासमोर तिचा विरुद्धार्थी शब्द लिहावा. ‘हेवी रेन’समोर ‘लाइट रेन’, ‘हेवी मील’समोर ‘लाइट मील’, ‘हेवी स्लीपर’समोर ‘लाइट स्लीपर’ येईल. पण ‘हेवी कोल्ड’समोर ‘स्लाइट कोल्ड’, ‘हेवी ॲक्सेंट’समोर ‘स्लाइट ॲक्सेंट’ आणि ‘हेवी फाइन’समोर ‘स्मॉल फाइन’ लिहावे लागेल. विरुद्ध शब्द बदलला की अर्थाची जात बदलली हे डोळ्यांना दिसते, आणि एकदा दिसलेले सहसा विसरले जात नाही. त्याच पानावर खाली ‘हेविली’ या क्रियाविशेषणासाठी जागा सोडावी, कारण ‘इट रेन्ड हेवी’ ही चूक फार होते. पाऊस पडण्याच्या क्रियेला ‘हेविली’ लागते: ‘इट रेन्ड हेविली इन गगनबावडा लास्ट नाइट’. एखाद्यावर फार विसंबून राहण्यालाही ‘रिलाय हेविली ऑन’ असेच म्हणतात.

रोज एक इंग्रजी बातमी वाचून तीत सापडलेली एक जोडी या वहीत चढवावी. पावसाळ्यात आरंभ केला तर पहिल्या आठवड्यातच अर्धे पान भरते.