डिन ८५८० नुसार प्रक्रियांचं वर्गीकरण करताना या चुका टाळा

“सगळं प्रेसवरच होतंय ना, मग टाक फॉर्मिंगमध्ये.” आमच्या शॉपमध्ये एका ब्रॅकेटचा प्रोसेस चार्ट असाच भरला गेला आणि जर्मन ग्राहकाकडून लाल शेऱ्यांसह परत आला. ब्लँकिंग (पत्र्यातून तुकडा कापून काढणं), पिअर्सिंग (भोक पाडणं), बेंडिंग (वाकवणं), तिन्ही गट २ मध्ये, म्हणजे फॉर्मिंगमध्ये!

डिन ८५८० हे उत्पादन प्रक्रियांचे गट ठरवणारं जर्मन मानक. सध्याची आवृत्ती २०२२ ची. गट सहा: १ पहिला आकार देणं, २ आकार बदलणं, ३ वेगळं करणं, ४ जोडणं, ५ थर चढवणं, ६ गुणधर्म बदलणं. मशीन कोणतं, याच्याशी त्याला देणंघेणं नाही. मालाचा एकसंधपणा नव्याने आला, टिकला, घटला की वाढला, हे आधी बघायचं.

पंचातून पडलेला वॉशर घ्या आणि त्याची कड उजेडात धरा. एक चकचकीत पट्टा दिसेल, त्याला लागून खरखरीत भाग. पंच थोडा आत शिरला तोवर पत्रा कापला गेला, पुढे तुटला. तुटला म्हणजे गट ३. बेंडिंगमध्ये पत्रा अखंड राहतो, म्हणून गट २. डाय एकच असली तरी चार्टमध्ये ओळी वेगळ्या हव्यात.

गट ३ चे पुढे उपगट आहेत. लेझर कटिंग मिलिंगशेजारी ३.२ मध्ये (ठरलेल्या आकाराच्या धारेने चिप, म्हणजे धातूचा कीस, काढणं) लिहू नका. तिथे चिप निघत नाही, धातू वितळून जातो, ते ३.४. वायरकटही (तारेच्या ठिणग्यांनी कापणं) तिथेच. ग्राइंडिंगमध्ये चिप असते, पण दाण्यांच्या धारेला ठरलेला आकार नसतो, म्हणून ३.३.

सगळ्यात जास्त गोंधळ ‘केस हार्डनिंग’चा, म्हणजे पोलादाचा बाहेरचा भाग कडक करण्याचा, कारण ‘केस’ म्हटलं की कवच डोळ्यांसमोर येतं आणि लोक गट ५ लिहून मोकळे होतात. कार्बुरायझिंग केलेला (पृष्ठभागातून कार्बन मुरवलेला) गिअरचा दात कापून, पॉलिश आणि एच करून (आम्ल लावून) बघा: गडद कड आत हळूहळू फिकी होत जाते. कार्बन पोलादात मुरलेला असतो, म्हणून गट ६. हार्ड क्रोमचा थर मात्र सरळ रेषेने वेगळा दिसतो. तो गट ५.

वेल्डिंगने दोन भाग जोडले तर ४, झिजलेल्या शाफ्टवर भर घातली तर ५. रिव्हेट चेपला जातो, तरी काम जोडण्याचं, म्हणून ४. पावडरपासून थ्रीडी प्रिंटिंग, गट १.

आणि डीग्रीझिंग? जॉबपासून तेल वेगळं होतं, म्हणून गट ३. आमच्या त्या चार्टमध्ये ही ओळच नव्हती.