शॉर्ट फिल्मला घरी म्युझिक कसं करायचं, जर्मन मास्तर आणि मिरजेचा तानपुरा

सांगली-मिरजेत कॉलेजच्या पोरांच्या शॉर्ट फिल्मला म्युझिक करणारे आता गल्लोगल्ली झालेत पण बहुतेकजण पहिल्याच मिनिटात लॅपटॉपमधली सगळी व्हायोलिनं एकदम सोडतात, मी पण तेच करायचो. त्याआधी क्लाऊस डोल्डिंगर हा जर्मन संगीतकार ऐका. १९३६ चा बर्लिनचा जन्म, मूळचा जाझ सॅक्सोफोनवाला. १९७० ला टाटोर्ट नावाच्या पोलिस मालिकेची टायटल ट्यून केली, जेमतेम अर्ध्या मिनिटाची, ती कित्येक दशकं चालली (आणि ड्रमवर कोण, तर पुढं तिकडचा मोठा रॉकस्टार झालेला उडो लिंडेनबर्ग!).

तर आधी लॅपटॉप बंद. पेटी घ्या, पाच-सहा सुरांची ओळ शोधा, घरात कुणी भांडी घासताना ती गुणगुणलं की पास. डोल्डिंगरची दास बोटची धून, १९८१ चा पाणबुडीचा पिक्चर, दहा वर्षांनी यू-९६ नावाच्या ग्रुपनं टेक्नो (मशीनच्या ठेक्याचं डान्स म्युझिक) करून वाजवली आणि जर्मनीत एक नंबरला गेली. वाद्यं सगळी बदलली, धून तीच.

मग हिशोब. एडिट फायनल झाल्याशिवाय बसू नका. सीन ४० सेकंदांचा, टेम्पो ९६ (मिनिटाला ९६ मात्रा) धरला तर मात्रा ०.६२५ सेकंदाची, चार मात्रांचा बार अडीच सेकंदांचा, म्हणजे बरोबर १६ बार. २५ व्या सेकंदाला दार उघडत असेल तर ते ११ व्या बारच्या पहिल्या मात्रेवर येतं, ठोका तिथंच. जुळत नसेल तर टेम्पो थोडा हलवा, एडिटरला कट हलवायला सांगू नका, तो ऐकत नसतो.

खालचा सूर धरायला खरा तानपुरा घ्या, मिरजेत सतारमेकरांकडं विचारून रेकॉर्ड करा, दुपारी, गाड्या कमी असताना. मी पहिल्यांदा फोन घोडीला (तारा टेकतात ती पट्टी) चिकटवून धरला आणि नुसता खरखराट आला, हातभर लांब ठेवा. लूप (परत परत वाजवायचा तुकडा) कापताना खर्जाची, म्हणजे सगळ्यात खालच्या सुराची, तार विरल्यावर, पुढची तार छेडायच्या आधी कापा, नाहीतर दर वेळी उचकी लागल्यासारखं वाजतं. डायलॉग सुरू झाला की तानपुरा बारीक करा, पेटी गप्प.

आणि डायरेक्टर नंतर काहीही काढू शकतो बरं का. १९८४ च्या नेव्हरएंडिंग स्टोरी या पिक्चरच्या इंग्लिश व्हर्जनमध्ये डोल्डिंगरच्याच म्युझिकच्या काही जागी जॉर्जियो मोरोडर या दुसऱ्या संगीतकाराचं घातलं होतं, आपण कोण! म्हणून प्रत्येक वाद्याची फाइल वेगळी काढा, ४८ किलोहर्ट्झ सॅम्पल रेटला (सेकंदाला आवाजाचे ४८ हजार नमुने), नावात सीन नंबर टाका आणि ड्राइव्हची लिंक पाठवा.