पेपरोमिया कुजवू नका, या चुका टाळा

पेपरोमिया हे घरात कुंडीत लावायचं शोभेचं झाड. त्याचं पान मऊ पडलं की आधी कुंडीतल्या मातीत बोट घाला, मगच पाण्याचा तांब्या उचला. बेळगाव, खानापूर, निपाणी, कुठूनही कुणी सुकलेल्या पेपरोमियाचा फोटो पाठवला की बहुतेक वेळा खालची माती ओलीच असते. मुळं कुजली की झाडाला पाणी ओढता येत नाही, पान लुळं पडतं. मालक म्हणतो तहान लागली, आणि अजून पाणी ओततो. झाड तिथंच संपतं.

हे झाड मिरी आणि नागवेलीच्या कुळातलं. मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या जंगलांत याच्या कितीतरी जाती मोठ्या झाडांच्या फांद्यांवर, साचलेल्या पाचोळ्यात वाढतात. त्यामुळं मुळं बारीक आणि उथळ, पाण्याचा साठा जाड पानांत. अशा झाडाला आपली तांबडी माती म्हणजे शिक्षाच. भिजली की चिकट, वाळली की टणक.

शहापुरातल्या आमच्या ओळखीच्या एका वहिनींनी पांढऱ्या कडांच्या पानांचा पेपरोमिया आणला. नर्सरीची पिशवी लहान, म्हणून पाऊस सुरू होताच तो थेट दहा इंची चिनी मातीच्या कुंडीत लावला. आत तांबडी माती, वर भरपूर शेणखत, तळाला भोक नाही. कुंडी मोठी तर झाड लवकर मोठं, हा हिशोब. जुलैत बोलावणं आलं. "रोज पाणी घालतोय की हो काकू, तरी मान टाकलीय बघा!"

खोड चिमटीत धरलं तर अलगद वर आलं. मुळं तपकिरी, बोटानं दाबली की साल निसटून हातात, आणि आंबूस वास. खोड खालून दोन बोटं काळं पडलेलं. हिरवा, टणक भाग लागेपर्यंत कापत गेले. शेंडे एक दिवस सावलीत वाळू दिले आणि नुसत्या ओलसर कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) आणि पर्लाइटमध्ये (पांढरे, हलके खडे) खोचले. ते जगले. गळलेली पानंही वहिनींनी हौसेनं लावली होती. त्यांना रोपं आली, पण साधी हिरवी. पांढऱ्या कडा हव्या असतील तर पेर असलेला खोडाचा तुकडाच लावायचा, पानातून त्या उतरत नाहीत.

मोठ्या कुंडीची घाई मला अजिबात पटत नाही. जादा मातीत जादा पाणी थांबतं आणि एवढीशी मुळं ते संपवू शकत नाहीत. मुळं कुंडीच्या कडेला भिडल्याशिवाय मी कुंडी बदलत नाही, आणि बदलली तरी इंचभरच रुंद घेते. मातीऐवजी माझं मिश्रण असं: निम्मं कोकोपीट, उरलेल्या निम्म्यात पर्लाइट, जाड वाळू आणि लाकडी कोळशाचे बारीक तुकडे. शेणखत मूठभरही नाही. उन्हाळ्यात महिन्यातून एकदा निम्म्या ताकदीचं पातळ खत पुरतं.

पाण्याला वार ठरवू नका. "दर रविवारी एक पेला" हा सल्ला एप्रिलमध्ये कदाचित चालेल, पण आपल्याकडच्या जुलैत, आठ-आठ दिवस ऊन दिसत नाही तेव्हा, तोच झाडाचा जीव घेतो. मी कुंडी उचलून बघते. हलकी लागली, वरची निम्मी माती कोरडी असली आणि पान हलकेच दुमडून बघितल्यावर मऊ लागलं, तरच पाणी. मग मात्र तळातून निथळेपर्यंत, आणि बशीत साचलेलं लगेच ओतून टाकायचं.

कोवळं सकाळचं ऊन चालतं. मार्च-एप्रिलच्या दुपारच्या उन्हात पानं करपतात. अंधाऱ्या कोपऱ्यात देठ लांबतात, झाड विस्कटतं. डिसेंबर-जानेवारीत रात्री उघड्या खिडकीच्या कट्ट्यावर ठेवू नका, आणि पाणी निम्म्यावर आणा. उंदराच्या शेपटीसारखे दांडे आले तर घाबरून औषध मारू नका, ती फुलं आहेत. पानांना खोबरेल चोळून चकाकी आणणं बंद करा; धूळ चिकटते आणि पानाची छिद्रं बुजतात. ओलं फडकं पुरे, सुरकुत्यांच्या जातीला मऊ ब्रश.

कलिंगडासारख्या पट्ट्यांच्या जातीचं पान आडवं कापून, कापलेली कड ओल्या कोकोपीटमध्ये उभी खोचली की शिरांपाशी रोपं फुटतात. याला महिना-दोन महिने लागतात. नवखी मंडळी दर चार दिवसांनी पान उपटून मुळं आली का बघतात आणि फुटू लागलेली तेवढी तोडून टाकतात. डब्यावर पारदर्शक झाकण ठेवा, उजेडात ठेवा आणि हात लावू नका.

पानाच्या बेचक्यात कापसासारखं पांढरं दिसलं तर तो पिठ्या ढेकूण. स्पिरिटमध्ये बुडवलेल्या कापसाच्या काडीनं एकेक पुसून काढा, आठवड्यानं परत बघा, आणि तोवर ती कुंडी बाकीच्यांपासून लांब ठेवा.