म्युझिदोराचे सिनेमे लावायचे तर

कोल्हापुरात फिल्म सोसायटीनं फ्रेंच मूकपटांतली अभिनेत्री म्युझिदोरा (१८८९–१९५७) दाखवायची ठरवली की पहिला मोह होतो ‘ले व्हांपीर’ (१९१५–१६) अख्खी लावण्याचा. तो आवरा. दिग्दर्शक लुई फुयादची, व्हांपीर नावाच्या गुन्हेगार टोळीवरची ही मालिका दहा भागांची, जवळजवळ सात तासांची, आणि बाईंची भूमिका, टोळीतली इर्मा व्हेप, अवतरते ती तिसऱ्या भागात. तोवर निम्म्या खुर्च्या रिकाम्या झालेल्या असतात.

दोनच भाग घ्या. तिसरा सुमारे ४२ मिनिटांचा, सहावा ५८ मिनिटांचा. सहावा चुकवू नका. यात ती पुरुषी वेशात तरुण सरदारपुत्र बनून हॉटेलात उतरते, आणि पुढे संमोहनाखाली स्वतःच्याच टोळीच्या म्होरक्याला गोळी घालते. तिच्या गाजलेल्या काळ्या घट्ट पोशाखापलीकडे तिला काय काय येत होतं ते इथं दिसतं.

पोस्टरचा फोटो नीट तपासा. वटवाघळाचे पंख पसरलेली बाई म्हणजे म्युझिदोरा नव्हे. ती स्टासिया नापिएरकोव्स्का, दुसऱ्या भागात विषारी अंगठीनं मरणारी नर्तकी. ही चूक जाणकारही करतात.

तिसऱ्या भागात कॅबरेबाहेरच्या फलकावर ‘इर्मा व्हेप’ची अक्षरं जागा बदलतात आणि ‘व्हांपीर’ शब्द तयार होतो. देवनागरीत ही गंमत जमत नाही. शो सुरू होण्याआधी सात रोमन अक्षरं पुठ्ठ्यावर चिकटवून प्रेक्षकांसमोर फिरवून दाखवा. नंतर समजावत बसलात तर तेवढ्यात पुढचं दृश्य निघून गेलेलं असतं.

वेग हा खरा घोटाळा. सेकंदाला १८ चौकटींच्या वेगाचा मूकपट २४ नं चालवला की तासाचा सिनेमा ४५ मिनिटांत आटोपतो आणि माणसं तुरुतुरु पळू लागतात. लोक हसतात, दोष मात्र अभिनयावर जातो. फाइल आल्या आल्या लांबी मोजा, आणि कुणी चालत असेल असं एक दृश्य लावून बघा.

दृश्यांच्या मधे येणाऱ्या मजकुराच्या पाट्या मराठीत वाचायच्या असतील तर भाषांतर छोटं ठेवा. फ्रेंच पाटी पडद्यावरून जायच्या आत मोठ्यानं वाचून संपलं पाहिजे, म्हणून एकदा पडद्यासमोर उभं राहून तालीम करा. साथीला पेटी आणि तबला पुरे. प्रत्येक पाठलागाला दाणदाण तबला नको. फुयादच्या सिनेमात भीती बहुतेकदा गप्प खोलीतून येते. मूळ सिनेमा जुना असला तरी सुधारित आवृत्तीचं संगीत वेगळ्या हक्काचं असू शकतं, ते आधी विचारून घ्या.

चहानंतर ‘सोलेय ए ओंब्र’ (१९२२) लावा. स्पेनमध्ये केलेला, सहदिग्दर्शन तिचंच, आणि भूमिका दोन. इथं निवेदन पाच मिनिटांचं असावं, आणि कोल्हापूरकरांना धागा जोडून द्यावा: १९१३ मध्ये फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती पुरुषानं केली. बाबूराव पेंटरांच्या ‘सैरंध्री’त १९२० मध्ये गुलाबबाई आणि अनसूयाबाई पडद्यावर आल्या. त्याच सुमारास ही बाई कॅमेऱ्यामागे उभी होती. उतारवयात तिनं पॅरिसच्या सिनेमातेक फ्रान्सेजमध्ये, म्हणजे जुने सिनेमे जपणाऱ्या संस्थेत, काम केलं. हे सांगायला विसरू नका, आणि सिनेमा सुरू होण्याआधीच सांगा. दिवे लागल्यावर कुणी थांबत नाही.