आकाशातली लढाई लिहायचीय? आधी वारा ठरवा

ज्यांना फँटसी लिहायचीय आणि त्यात दोन राज्यांची हवाई लढाई घालायचीय त्यांच्यासाठी हे लिहितेय. अशा लढाया मी आवडीने वाचते पण बहुतेक वेळा ती जमिनीवरचीच लढाई निघते, घोड्यांना पंख लावले एवढंच. हे डावीकडून आले, ते उजवीकडून आले, तलवारी भिडल्या. आकाश कुठंय त्यात?

मी बडोद्याची, दांडिया बाजारात वाढले, आणि कितीतरी वर्षं १४ आणि १५ जानेवारीला, म्हणजे उत्तरायण आणि वासी उत्तरायण या आमच्याकडच्या पतंगांच्या सणाला, दिवसभर अगाशीवर (गच्चीवर) दादाची मांज्याची फिरकी धरून उभी असायचे. पतंग उडवणाऱ्याचं सगळं लक्ष त्याच्या पेचात असतं, फिरकीवालीला मात्र अख्खं आकाश दिसतं, कोण कुठून येतंय, वारा कधी पडला, सगळं. हवाई लढाईबद्दल मला जे कळतं ते तिथूनच सुरू झालं.

पहिली गोष्ट म्हणजे नायक, राजा, शस्त्रं हे सगळं बाजूला ठेवा आणि कागदावर वाऱ्याचा एक बाण काढा. ज्याची अगाशी वाऱ्याच्या वरच्या अंगाला, म्हणजे वारा जिकडून येतो तिकडे असते त्याचा पतंग आपोआप खालच्या अंगाच्या लोकांच्या डोक्यावर जातो, तो हवा त्याच्याशी पेच लावतो, आणि खालच्या अंगाचा माणूस कितीही पटाईत असला तरी त्याच्यापर्यंत पोचू शकत नाही कारण त्याचा पतंग उलट आणखी लांब चाललेला असतो. तुमच्या दोन राज्यांचंही हेच होणार. वारा कुणाच्या पाठीशी आहे आणि तो दुपारी फिरतो का, एवढं ठरलं की निम्मी लढाई ठरली.

मग वेळ ठरवा, आणि याच्यावर मी सगळ्यात जास्त जोर देईन. उदाहरण घेऊ. एका बाजूला कातळगडाचे गिधाडस्वार, दुसऱ्या बाजूला रुईनगरची कापडी जहाजं, खाली शेगडी पेटवून गरम हवेवर चढणारी. आता गिधाडासारखा जड पक्षी पंख मारत मारत वर जात नाही, जमीन तापली की जी गरम हवा वर उठते तिच्यात तो गोल गोल फिरत चढतो, म्हणजे सकाळी ऊन चांगलं वर येईपर्यंत कातळगडवाले जवळपास जमिनीवरच. आणि गरम हवेच्या जहाजाचं बरोब्बर उलटं, त्याला पहाटेची थंड, शांत हवा लागते, दुपारच्या खळबळीत ते आवरत नाही. म्हणजे रुईनगरचा हल्ला पहाटे होणार आणि ऊन चढायच्या आत त्यांना परत उतरायचंय! बघा, लढाईला आपोआप घड्याळ लागलं, आणि कुणाला उगाच मूर्ख किंवा दुष्ट करावं लागलं नाही. अजून एक, पोटभर खाल्लेल्या गिधाडाला नीट उडताच येत नाही, त्यामुळे आदल्या रात्री पक्ष्यांना कुणी किती खाऊ घातलं यावर एक अख्खं कारस्थान उभं राहू शकतं.

कापडी जहाजावर बसलेल्या माणसाला वारा लागत नाही. जहाज वाऱ्याबरोबरच वाहत असतं, त्यामुळे वर सगळं स्तब्ध, निशाणं लोंबत असतात, शेगडीचा आवाज तेवढा. बहुतेक जण इथे फडफडणारे झेंडे लिहितात, नका लिहू. दिशा बदलायची तर जहाजाला वर किंवा खाली जाऊन वेगळा वारा शोधावा लागतो, दुसरा उपाय नाही, आणि खुणा करायला पतंगासारखं ढढ्ढा कमान, म्हणजे उभी काडी आणि वाकवलेली आडवी काडी लावून ताठ केलेलं कापड लागेल. रात्रीची लढाई असेल तर आमच्याकडची तुक्कल आठवा, पतंगाच्या दोऱ्याला बांधलेले कागदी कंदील. अंधारात पतंग दिसत नाही, दोरा दिसत नाही, फक्त दिव्यांची ओळ हलताना दिसते. रात्रीच्या प्रसंगात वाचकाला फक्त दिवे दाखवा, आणि मग त्यातला एक कमी करा.

आकड्यांचं थोडक्यात सांगते. आवाज एक किलोमीटर यायला साधारण ३ सेकंद घेतो, म्हणजे लांबचं जहाज पेटलेलं आधी दिसेल आणि किंकाळी मागाहून. पडणारा माणूस पहिल्या सेकंदात ५ मीटर, दोन सेकंदात २०, तीन सेकंदात ४५ मीटर खाली गेलेला असतो, तेव्हा त्याला झेलायचं असेल तर झेलणारा आधीपासून खाली हवा. उंची म्हणजे शिल्लक पैसा समजा, सूर मारला की खर्च झाला, परत कमवायला वेळ लागतो. बहिरी ससाणा सूर मारताना ताशी ३०० किलोमीटरच्या वर जातो पण पुन्हा वर चढताना त्यालाही कष्टच.

आता प्रत्यक्ष भिडण्याचा क्षण. पेच लागला की दादाच्या बोटाला चिकटपट्टी गुंडाळलेली असायची तरी चीर पडायचीच, आणि आपला पतंग कापला गेला हे डोळ्याला नंतर कळतं, आधी हाताला कळतं. ताणलेला दोरा एकदम हलका होतो, त्यातलं वजनच जातं, क्षणभर पतंग तसाच वर दिसतो आणि मग डोलत डोलत निघतो, आणि शेजारच्या अगाशीवरून काप्यो छे ची आरोळी त्याच्यानंतर. तुमच्या स्वारालाही बातमी अशीच कळू द्या. लगाम हलका झाला, मांडीखाली पक्ष्याचा श्वास लागत होता तो लागेनासा झाला. रक्त नंतर दाखवा. आणि जमलं तर एका पक्ष्यावर दोघांना बसवा, एक हाकणारा आणि एक मागे बघणारी, कारण हाकणाऱ्याला पाठीमागचं दिसत नाही आणि सगळी खरी भीती पाठीमागूनच येते. मी तरी गोष्ट मागे बसलेलीच्या डोळ्यांनी सांगेन.

लढाई संपली की लगेच खाली या. उत्तरायणनंतर कितीतरी दिवस आमच्या गल्लीत तारांवर, कडुलिंबावर मांजा लटकलेला असतो आणि त्यात पक्षी अडकतात. तुमच्या लढाईतूनही काहीतरी पडलं असणार. रुईनगरच्या जहाजाचं अर्धं जळालेलं कापड कुण्या बाईच्या शेतात येऊन पडलंय, चांगलं दणकट कापड, आणि गावात कातळगडचे शिपाई शोधत फिरतायत. ती ते पुरून टाकते की त्याची गोधडी शिवते, हा प्रसंग लढाईला चिकटूनच लिहा, मधे राजदरबार घालू नका.