गाणाऱ्या नटाने तालीम घ्यायला बसताना

एकवीस वर्षं मी संगीत नाटकांत सुभद्रा, भामिनी, रेवती केल्या. मग गुडघे बोलू लागले आणि मंडळींनी मला खुर्चीवर बसवून हातात संहिता दिली. दिग्दर्शक व्हायचं असं काही मी ठरवलेलं नव्हतं. आता पंधराएक वर्षं संगीत नाटकं बसवतेय, घरी नाट्यसंगीताचा वर्गही घेते. माझ्यासारखे आणखी काही जण या वाटेवर आहेत. गाण्यातून नाव झालंय, आणि आता कुणीतरी म्हणतंय, ‘ताई, आमचं सौभद्र बसवून द्या.’ त्यांच्यासाठी हे लिहितेय.

पहिल्याच नाटकात मी जे केलं ते तुम्ही करू नका. सुभद्रा करणाऱ्या मुलीने विचारलं, ‘वद जाऊं कुणाला शरण’ कसं म्हणू? मी पेटी पुढे ओढली आणि म्हणून दाखवलं. त्या दिवशी मला सर्दी होती. ‘शरण’च्या आधी दम पुरला नाही म्हणून मी मध्येच श्वास घेतला. पोरीने मोबाईलवर ते टिपून ठेवलं होतं. दीड महिन्यानंतर प्रयोगात ती टुणटुणीत होती, तरी ‘शरण’च्या आधी इमानदारीने माझ्या सर्दीचा श्वास घेतला. प्रेक्षकांत बसलेल्या एका जुन्या जाणत्याने नंतर मला विचारलं, ‘ही जागा कोणत्या घराण्याची?’

तेव्हापासून माझा नियम आहे, पहिले आठ दिवस दिग्दर्शकाने गायचं नाही. सूर दाखवायचा तर पेटीवर दाखवा. चाल पाठ करून घ्यायला वेगळा माणूस बसवा, आणि जमल्यास वेगळ्या दिवशी. गाणं शिकवणं आणि नाटक बसवणं ही दोन कामं एकाच माणसाने करायला हरकत नाही, पण एकाच संध्याकाळी केलीत तर गाणं नाटकाला खाऊन टाकतं. आपल्याला गाणं जास्त येत असतं ना, म्हणून.

त्या आठ दिवसांत करायचं काय? पहिलं काम नक्कल उतरवायची. प्रत्येकाने आपली भूमिका वहीत हाताने लिहायची, झेरॉक्स चालणार नाही. लिहिताना पदाच्या आधीचं वाक्य आणि नंतरचं वाक्य लाल शाईने, मग ते दुसऱ्या पात्राचं का असेना. पद सुरू होतं ते त्या आधीच्या वाक्यात. गाणारा नट नेमका तिथेच गैरहजर असतो. समोरचा बोलत असतो आणि हा मनातल्या मनात षड्ज लावत असतो. मी स्वतः वीस वर्षं तेच केलं. समोरचा कृष्ण काय म्हणतोय ते मला खरोखर ऐकू आलं खुर्चीत बसल्यावर.

दुसरं काम, पद बोलून घ्यायचं. कवितेसारखं वाचायचं नाही, समोरच्याला सांगायचं. जुन्या पदांची भाषा उलटसुलट असते, कर्ता एका ओळीत आणि क्रियापद तिसऱ्या ओळीत. आधी त्याचं सरळ गद्य करून वहीत लिहायला लावा. ज्याला गद्य करता येत नाही त्याला अर्थ कळलेला नाही, मग त्याची तान कितीही दाणेदार असो.

हे एका पदावर सांगते. गोव्यात फोंडा तालुक्यातल्या एका गावी देवळाच्या उत्सवासाठी सौभद्र बसवत होते. आमचा कृष्ण वीजखात्यात लाईनमन, आवाज असा की देऊळ भरून जावं. ‘प्रिये पहा’ त्याला लहानपणापासून पाठ. पहिल्या दिवशी तो पुढे आला, प्रेक्षकांकडे तोंड केलं, डावा हात कानाजवळ नेला आणि सुरू झाला. रुक्मिणी मागे पाटावर बसून साडीच्या निऱ्या मोजतेय.

मी थांबवलं. म्हटलं, ‘पहा कुणाला म्हणतोस?’ तो म्हणाला, ‘रुक्मिणीला.’ ‘काय पहायचं तिने?’ ‘उजाडतंय ते.’ ‘कुठे उजाडतंय?’ यावर तो गप्प.

मग आम्ही देवळाच्या मंडपातली पूर्व ठरवली. उजवीकडची विंग म्हणजे महालाची खिडकी. तो तिच्याजवळ जाऊन उभा राहिला, ‘पहा’ म्हणाला, आणि मी अट घातली, रुक्मिणीने मान वळवून खिडकीकडे पाहिल्याशिवाय पुढची ओळ घ्यायची नाही. तिला वेगळं सांगितलं, तुला झोप आलीय, लगेच पाहू नकोस. पहिल्यांदा त्याने दोनदा ‘प्रिये पहा’ म्हटलं, तिने पाहिलं नाही. तिसऱ्यांदा त्याने आवाज खाली आणला, लाडीगोडी आली, आणि तिने पाहिलं. जी जागा आम्ही रेकॉर्डवरून महिनाभर घोटतो ती त्याला अशी सापडली. आणि पदाचा राग देसकार, तो तर सकाळचाच. सौभद्र लिहिणाऱ्या अण्णासाहेब किर्लोस्करांनी प्रकाशयोजना चालीतच करून ठेवलीय, आपण फक्त खिडकी कुठे ते ठरवायचं.

तबलजीला मात्र हे आधीच सांगून ठेवा. नट थांबणार, आवर्तन वाढणार, तेव्हा त्याने ठेका धरून वाट पाहायची. तबलजी तालमीला शेवटच्या दोन दिवशी येणार असेल तर हे सगळं विसरा.

काटछाट. सौभद्र १८८२ सालचं, त्यात शंभरावर पदं आहेत. ते रात्रभर चालायचं तेव्हा ठीक, आज तीन तासांत आटपायला मोजकीच राहतात. कोणती ठेवायची? गाजलेली ठेवायची असं सगळे सांगतील, आणि गाजलेली तुम्ही काढूच शकणार नाही, गावकरी घरी येतील. उरलेल्यांसाठी माझी कसोटी अशी. पदाआधी आणि पदानंतर पात्राची मनःस्थिती तीच असेल तर पद गेलं तरी चालेल. मधे काही बदललं, ठरलं, फसलं, तर ते पद कितीही अप्रसिद्ध असो, ठेवा. साक्या-दिंड्या, म्हणजे साध्या चालीची छोटी पदं, घाईने उडवू नका. अर्ध्या मिनिटात गोष्ट पुढे नेतात, आणि ज्याला ताना येत नाहीत अशा नटालाही गायला मिळतं. आमच्याकडे एकदा राक्षसाच्या पाठीवर सुभद्रा द्वारकेबाहेर गेली आणि ती का गेली हे लोकांना कळलंच नाही, कारण तेवढीच जागा मी कापली होती.

हक्कांचं पाहून घ्या. लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षांनी संहिता मुक्त होते. किर्लोस्कर १८८५ साली गेले, देवल १९१६, गडकरी १९१९, खाडिलकर १९४८, म्हणजे शाकुंतल, संशयकल्लोळ, एकच प्याला, मानापमान ही मोकळी आहेत. विद्याधर गोखले, वसंत कानेटकर यांची नाटकं मोकळी नाहीत, लेखी परवानगी आणि मानधन लागतं. संगीतकार जितेंद्र अभिषेकीबुवांच्या चालींचंही तसंच, ते १९९८ साली गेले. ‘आम्ही हौशी आहोत’ हे कारण चालत नाही. महाराष्ट्रात प्रयोग असेल तर रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. ते कुणाच्या नावावर आहे हे विचारून घ्या.

आता पट्टी, म्हणजे ज्या सुराला ‘सा’ धरून गायचं तो सूर. यावर सगळ्यात जास्त रुसवेफुगवे होतात. ही पदं बांधली गेली तेव्हा सुभद्राही पुरुष आणि अर्जुनही पुरुष. आज मुली आहेत, त्यांचा षड्ज वेगळा. प्रत्येकाला आपापली पट्टी दिली की एका प्रवेशात पेटीवाला चार पट्ट्या बदलतो आणि तबलजी हातोडी घेऊन ठोकत बसतो. तालीम सुरू करण्यापूर्वी तबलजीला विचारा, किती तबले आणणार? मग पात्रांच्या पट्ट्या जुळवा. पुरुष पेटीवरच्या काळी एकमध्ये आणि बाई काळी चारमध्ये गात असेल तर काम सोपं, कारण काळी एकचा पंचम म्हणजेच काळी चार. त्या एका तबल्यावर दोघांचंही निभतं. कुणाला अर्धी पट्टी खाली यायला सांगावं लागलं तर एकट्यात सांगा, सगळ्यांसमोर नको. गायकाला पट्टी उतरव म्हणणं म्हणजे वय विचारण्यासारखं आहे.

ज्यांचा आवाज फुटतोय अशा मुलांना तर गायला लावूच नका. चौदा वर्षांच्या नारदाला गद्य द्या, चिपळ्या द्या, वीणा द्या. घरचे लोक आग्रह करतील. ठाम राहा.

वन्स मोअर. नटी असताना मी त्यावर जगले. फार जुना तो रिवाज, मी कोण मोडणार? पण एकदा माझ्या एका पदाला तीन वन्स मोअर पडले आणि समोरची सखी तबक घेऊन चौदा मिनिटं उभी राहिली. विंगेत आल्यावर तिने तबक माझ्या हातात दिलं, एक शब्द बोलली नाही. तबक पितळी होतं, आणि चांगलंच जड. म्हणून आता मी ठरवूनच टाकते, नाटकात एकच वन्स मोअर, आणि तोही फक्त अंतऱ्यापासून. त्या वेळात इतर पात्रांनी काय करायचं हे तालमीत बसवते. सखी तबक ठेवून दिवा लावते, दासी पडदा सारते. ज्याला काम आहे तो नट कंटाळत नाही.

पैशांचं बोलायला आपल्या लोकांना जड जातं. एका मंडळाने मला दोन महिन्यांच्या तालमीनंतर शाल, नारळ आणि ‘तुम्ही तर घरच्याच’ एवढं दिलं. नारळ चांगला निघाला. तेव्हापासून अर्धं मानधन पहिल्या तालमीला, उरलेलं रंगीत तालमीच्या दिवशी. प्रयोगानंतर काही शिल्लक ठेवायचं नाही. घर चालतं ते वर्गावर, नाटकावर नाही, हे गृहीत धरा. आणि यात कमीपणा मानू नका. मास्टर कृष्णराव बालगंधर्वांच्या गंधर्व नाटक मंडळीत भूमिका करत, चाली देत, शिकवत. १९४२ च्या ‘कुलवधू’चं संगीतही त्यांचंच. एकाच माणसाने तिन्ही कामं करणं ही आपल्याकडची जुनीच रीत.

वर्गात मात्र एक पथ्य पाळा. तिथे मी गाते, भरपूर गाते. पण वर्गातल्या विद्यार्थ्याला नाटकात घेतलं तर त्याला ते पद शिकवायला दुसऱ्याकडे पाठवते. त्याला माझी नक्कल पाठ असते, त्याची त्याने लिहायची असते.

प्रयोगाच्या रात्री ऑर्गनशेजारी बसू नका. ओठ हलतात आपले, आणि नट तिकडेच बघत राहतात. मी शेवटच्या रांगेच्याही मागे, चण्याफुटाण्याच्या गाड्याजवळ उभी राहते. फोंड्याच्या त्या प्रयोगात ‘प्रिये पहा’ आलं आणि रुक्मिणीने मान वळवलीच नाही. विसरली की मुद्दाम, देव जाणे. लाईनमन थांबला. तबलजीने एक आवर्तन सोडलं, दुसरं सोडलं. पुढच्या रांगेतली एक म्हातारी रुक्मिणीला मोठ्याने म्हणाली, ‘अगो, पळय गो!’ (अगं, बघ गं!) रुक्मिणीने पाहिलं, आणि त्याने पुढची ओळ घेतली.